हौसाक्काचा कान

हौसाक्का कुठल्याही मंगल कार्यालयात शिरली, की आधी स्वयंपाकघराकडं वळायची नाही. लोखंडी झारा हातात घेऊन ती सगळ्या हॉलला एक फेरी घालायची आणि दिसेल त्या वस्तूवर तो वाजवून बघायची. खांब, पाण्याची टाकी, खुर्च्या, स्टेजवरचा सोफा, एकदा तर नवरदेवाच्या मोटारीचं बॉनेट. वाजवायची, मान कलती करायची, जीभ टाळ्याला लावायची आणि पुढं सरकायची. मधेच कुणाला तरी म्हणायची, "ही टाकी हितनं हलवा. लय आंबाट हाय." आणि लोक भरलेली टाकी हलवायचे.

माझी-तिची पहिली गाठ पडली ती माधवनगरच्या एका कार्यालयात. चोवीस-पंचवीस वर्षं झाली. आयटीआय करून मी नुकताच साउंडचा धंदा सुरू केला होता. दोन नवे बॉक्स, एक मिक्सर, आणि वडिलांच्या वेळचा एक पत्र्याचा कर्णा एवढी माझी दौलत. नवे बॉक्स मी स्टेजच्या दोन्ही बाजूंना उभे केले आणि फडक्यानं पुसत होतो. तेवढ्यात मागून ठण्ण आवाज आला. ठेंगणी, काळीसावळी, डोक्यावरून पदर घट्ट खोचलेली एक बाई माझ्या बॉक्सच्या जाळीवर झारा मारून उभी होती.

"हे कुनाचं?"

"माझं."

"ह्यातनं काय भाईर पडतंय?"

"गानी. यजमानांनी सांगितलंया, जेवताना गानी लावा म्हनून."

"यजमानाला जेवाय मी घालनार हाय, तू न्हाई. बाराला हे मेलं पायजे."

बाराला मी बंद केलं नाही. बारा वाजून पाच मिनिटांनी आवाज आपोआप गेला. मी वायरी तपासत बसलो, आणि पिन बोर्डात नाही हे कळायला मला अर्धा तास लागला. पंगत उठेपर्यंत ती पिन हौसाक्काच्या चुलाणाशेजारी, पिठाच्या डब्यावर पडून होती. त्या दिवसापासून तिनं मला 'कर्ण्या' म्हणायला सुरुवात केली. माझं नाव विलास आहे हे तिला शेवटपर्यंत माहीत होतं की नाही, मला सांगता येणार नाही. तोंडावर मी तिला अहो-जाहो करायचो. मनात मात्र ती पहिल्या दिवसापासून 'ती'च राहिली, आणि बहुतेक वेळा रागानं.

सातारा-सांगलीकडच्या माणसाला गल्लत म्हणजे काय ते सांगावं लागत नाही. पण वाचणारा घाटापलीकडचा असेल तर त्याच्यासाठी सांगतो. आमच्याकडं उन्हाळ्यात मधूनच एखादा दिवस असा उजाडतो, की कानावर पडेल ते जिभेला लागतं. सकाळी कुणीतरी तांब्या खाली ठेवतं आणि आपल्या तोंडात चिंच चोखल्यासारखं होतं. एसटीचा हॉर्न करपलेल्या गुळासारखा लागतो. शेजारचं तान्हं पोर रडायला लागलं, की जिभेवर कैरीचा चीक. ही गल्लत दिवसभर राहते, कधी दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत, आणि आली तशी जाते. का येते कुणाला ठाऊक नाही. शाळेत आमच्या मास्तरांनी एकदा फळ्यावर आकृती काढून समजावायचा प्रयत्न केला होता, आणि मग स्वतःच डस्टर घेऊन ती पुसली. त्या दिवशी माणसं हळू बोलतात, भांडी फडक्यावर ठेवतात, गाडी चालवताना कानात कापूस घालतात. घरात त्यानं काही अडत नाही. अडतं ते लग्नात, कारण लग्नसराई आणि गल्लत एकाच मोसमात येतात. पाचशे माणसं पंगतीला, बँड, भाषणं, पोरांचा दंगा, आणि हे सगळं आमटी-भातात कालवलं जातं. चांगल्या चांगल्या आचाऱ्यांचं अन्न त्या दिवशी उकिरड्यावर गेलेलं मी पाहिलं आहे.

हौसाक्काचं जात नसे. म्हणून तर लोक तिच्याकडं यायचे. गल्लत कधी येईल ते आधी कळत नाही, त्यामुळं मुलीचा बाप 'आली तर पंचाईत नको' म्हणून तिलाच सांगून ठेवायचा.

ती मूळची वडूजकडची. वडील मेंढरं घेऊन वर्षातले आठ महिने हिंडायचे, आणि लहानपणी ही त्यांच्याबरोबर. माळावर गल्लत आली की काय व्हायचं, हे तिनं एकदाच सांगितलं, तेही मी फारच खनपटीला बसलो म्हणून. "मेंढरं रवंथ करत्यात न्हवं, तवा त्यांच्या मधी बसून भाकरी खाल्ली की ग्वाड लागायची. कुत्रं भुकलं की कडू. मग म्या काय करायची, कुत्र्याला आधी खाया घालायची आन मग आपुन खायाची." लग्न होऊन माधवनगरला आली. नवरा कापडगिरणीत होता. गिरणी बंद पडली, तो घरी बसला आणि काही वर्षांत वारला. मूलबाळ नव्हतं. ही दुसऱ्या आचाऱ्यांच्या हाताखाली भाकऱ्या थापायला जायला लागली आणि पुढं स्वतःच चार बायका घेऊन आचारीण झाली. तिच्या कुत्र्याच्या गोष्टीत तिचा सगळा धंदा होता. मला तो कळायला फार वर्षं लागली.

तिच्या कामाची तऱ्हा अशी, की गल्लत आहे असं सकाळी दिसलं की ती यजमानाला समोर बसवून प्रश्न विचारायची. "मामा बोलनार हाय का? किती येळ बोलतोय?" "रडनारं कोन कोन हायती? मुलीची आत्या लय मोठ्यानं रडती का?" "भटजीचा आवाज कसा हाय, घोगरा का बारीक?" यजमान आधी गांगरायचा, मग चिडायचा आणि शेवटी निमूट उत्तरं द्यायचा. त्या उत्तरांवरून ती आमटीत चिंच कमी करायची, भाजीत तिखट वाढवायची. तिच्या पातेल्यातलं अन्न गल्लतीच्या दिवशी स्वयंपाकघरात चाखलं तर कधीच पुरं लागायचं नाही. मांडवातल्या आवाजांत जाऊनच ते पुरं व्हायचं.

विट्याकडच्या एका लग्नात मी हे स्वतः खाल्लं आहे. नवरीचा भाऊ फौजी. सुट्टी काढून आलेला. त्यानं माझ्याकडनं सहा बॉक्स मागवले होते आणि मित्रांची नाचायची तयारी झाली होती. सकाळी गल्लत लागली. हौसाक्का त्याला म्हणाली, "जेवनं हुईस्तवर ह्याचं तोंड बांद." फौजी म्हणाला, "अक्का, टेन्शन लेने का नाय. आवाज मंजी रौनक असती." तिनं गावातून एक जातं आणवलं, मांडवाच्या कनातीमागं ठेवलं आणि दोन म्हाताऱ्यांना त्यावर बसवलं. पंगत बसली. फौजीनं मला हात करून गाणं लावायला सांगितलं, आणि मी बटणाला हात घातला तेवढ्यात जात्याची घरघर सुरू झाली. पानात गव्हाची खीर होती. तिच्यात गूळ कमी होता, वेलदोडा नव्हता, मघाशी आत चाखली तेव्हा मला ती आजाऱ्याची पेज वाटली होती. त्या घरघरीबरोबर ती जिभेवर अशी उतरली, की जणू तुपात खरपूस भाजलेला गहू आणि नुकताच फोडलेला गूळ. तीनशे माणसं मान खाली घालून जेवत होती. फौजी पानावर बसला आणि माझ्याकडं न बघता डाव्या हातानंच 'राहू दे' म्हणाला.

मी त्या दिवशी एकही गाणं वाजवलं नाही. सहा बॉक्स टेंपोत भरून आणले आणि तसेच परत नेले. लोकांनी तिची तोंडभर तारीफ केली. जाताना ती माझ्या टेंपोजवळ येऊन म्हणाली, "आज तुझं काम चांगलं झालं, कर्ण्या."

असा राग यायचा. तिचं सगळं बरोबर असायचं आणि ते सांगायची रीत अशी, की ऐकणाऱ्यानं हात चावून घ्यावा. मी काही मुद्दाम तिचा स्वयंपाक नासवायला आलेलो नव्हतो. माझंही पोट त्यावर होतं. शेवटी मीच नमतं घेतलं. म्हटलं, पंगतीला चालेल असा एखादा आवाज ही सांगेल, तोच आपण हळू लावत जाऊ. तीन उन्हाळे मी ह्या उद्योगात घालवले. गल्लत लागली की मोबाइलमध्ये काय काय भरून तिच्यापुढं न्यायचो. सनई ऐकून म्हणाली, "डालड्याची चव हाय." तंबोरा ऐकवला. "कच्चं पीठ." बासरी लावली तर ती पदरानं जीभ पुसायला लागली. "साबन हाय ह्यो." मी वैतागून म्हणालो, "आवं अक्का, मग लावू तरी काय?" तेवढ्यात गाणं संपलं होतं आणि अॅम्प्लिफायर नुसता चालू राहिला होता. रिकामा अॅम्प्लिफायर बारीक हूं करतो. ती थांबली, जीभ फिरवली. "हे लाव. ह्याला काय चवच न्हाई."

कुणाला शिकवायचंही नाही. तिच्या हाताखाली शालन नावाची एक हुशार बाई होती, दहा-बारा वर्षं बरोबर. ती विचारायची, "अक्का, चिंच किती कमी केली?" तर उत्तर ठरलेलं, "इचारून काय कळतंय. गप ऱ्हा आन ऐक." एकदा पुण्याच्या कुठल्याशा कॉलेजातून दोन मुली वह्या घेऊन तिच्याकडं आल्या होत्या. मीच त्यांना आणलं होतं, हे सगळं कुठंतरी लिहून राहावं म्हणून. हौसाक्कानं त्यांना दिवसभर लसूण सोलायला बसवलं. संध्याकाळी त्या निघाल्या तेव्हा म्हणाली, "काय ऐकलं दिसभर?" मुली एकमेकींकडं बघायला लागल्या. "मग काय लिवनार?" एवढं बोलून ती आत गेली. त्यांना स्टँडवर सोडताना मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. ह्या बाईबरोबर सगळं मातीत जाणार हे मला तेव्हा स्वच्छ दिसत होतं, आणि मी काहीही करू शकत नव्हतो.

मग कधीतरी ती मवाळ झाली. निदान मला तसं वाटलं. बाराला बंद कर म्हणायची ती साडेबारालाही काही म्हणेना. मी चाचपडत चाचपडत आवाज वाढवला, तरी आतून झारा घेऊन कुणी बाहेर आलं नाही. हॉलमधली फेरी मात्र लांबली होती. एकेका खांबावर दोनदा, तीनदा मारायची, आणि तेही जोरात. मी शालनला म्हणालो, "अक्का आता वयानं शांत झाल्या." शालन काही बोलली नाही, हातातल्या परातीकडं बघत राहिली. मी इतका खूश होतो, की तिच्या गप्प बसण्याचा अर्थ मी लावला नाही.

विश्रामबागच्या त्या लग्नाला आता चार वर्षं झाली. मोठं कार्यालय, मोठी माणसं. सकाळपासून गल्लत होती. माझा अॅम्प्लिफायर आदल्या दिवशीच जळला होता आणि दुरुस्तीवाल्यानं दुपारपर्यंत देतो म्हणून सांगितलं होतं. बॉक्स नुसते शोभेला उभे होते. शेजारी एक इमारत उठत होती आणि तिथं सकाळी नऊपासून मशिननं फरशी कापायचं काम चाललं होतं. लांबून येणारा एक बारीक, चिरका, न थांबणारा आवाज. आम्हा सगळ्यांच्या दातांत लोखंडाचा कीस अडकल्यासारखं झालं होतं. मला वाटलं अक्कानं त्याचा हिशोब केला असणार, किंवा माणूस पाठवून ते बंद करायला लावणार. तिचे हात रोजच्यासारखे चालले होते, म्हणून कुणी विचारलंही नाही.

पंगत बसली आणि पहिल्या घासाला माणसांचे चेहरे बदलले. काहींनी तोंडातला घास हातात काढला. एका म्हाताऱ्यानं बुडाखालचा पाट मागं सरकवला आणि सरळ उठला. नवऱ्या मुलाचे वडील स्वयंपाकघराच्या दारात आले आणि सगळ्यांदेखत म्हणाले, "आवो बाई, हे काय घातलंय अन्नात?"

हौसाक्कानं आमटी चाखली. परत चाखली. तिला ती ठीकच लागत होती. मग तिनं दारातून बाहेर पाहिलं. तिला स्टेजच्या बाजूला माझे बॉक्स दिसले आणि त्यांच्याशेजारी उभा असलेला मी.

"ह्या कर्ण्यानं घान केली," ती म्हणाली. "ईस वर्सं सांगतीया ह्येला. आज नासवलंच बगा समदं."

सगळे माझ्याकडं बघायला लागले. नवऱ्या मुलाचे वडील माझ्याकडं दोन पावलं आले. मला तेव्हा कळलं होतं. नेमकं कसं ते सांगता येत नाही, पण तिच्या तोंडाकडं बघताना मला सगळं कळलं होतं, आणि गप्प बसायचं असतं तर मी गप्प बसू शकलो असतो. अॅम्प्लिफायर जळालाय एवढंच सांगून भागलं असतं. पण वीस वर्षांची पिन, साबण, डालडा, सगळं माझ्या घशाशी आलं.

"आवं अक्का, माझी वायरबी जोडलेली न्हाई. शेजारी सकाळपास्नं फरशी कापत्यात. हितल्या बारक्या पोरालाबी ऐकू येतंय. तुमाला ऐकू येत न्हाई. तुमाला काईच ऐकू येत न्हाई आता."

ती माझ्या ओठांकडं बघत होती. माझं बोलणं संपलं तरी बघत होती. मग ती वळली आणि हातातला झारा समोरच्या रिकाम्या कढईवर तिनं सगळा जीव लावून मारला. आम्हा सगळ्यांच्या तोंडात असं काही भरलं, की दोघी-तिघी बायकांना ओकारी आली. हौसाक्का जीभ टाळ्याला लावून उभी होती. तिनं परत मारला. वाट बघितली. मग झारा हळूच, अगदी फडक्यावर ठेवावा तसा कढईत ठेवला आणि शालनला म्हणाली, "खाली उतरवा समदं."

बहिऱ्या माणसाला गल्लत लागत नाही, हे आमच्याकडं शेंबड्या पोरालाही माहीत असतं. तिला ते किती दिवस माहीत होतं, देव जाणे. शालननं नंतर मला सांगितलं, की दोन वर्षं तीच अक्काच्या मागं उभी राहून चिमटीनं चिंच-मीठ सारखं करत होती. त्या दिवशी नेमकी ती भाकऱ्यांवर होती.

त्या लग्नानंतर अक्कानं काम घेतलं नाही. पंधरा दिवसांनी मी तिच्या घरी गेलो आणि हाताला धरून, अक्षरशः ओढत, तिला सांगलीत कानाच्या डॉक्टरीणबाईंकडं नेलं. त्यांनी तपासलं, कागदावर रेघा काढल्या आणि मला विचारलं, "ह्या मोठ्या आवाजाजवळ काम करतात का?"

"लग्नात स्वयंपाक करतात," मी म्हणालो.

"मग बरोबर. लग्नात हल्ली केवढाले आवाज असतात."

"हो," मी म्हणालो. माझा धंदा काय, ते मी त्यांना सांगितलं नाही. आमच्याकडच्या बहुतेक कार्यालयांत स्टेजच्या मागं स्वयंपाकघर असतं. बॉक्सची तोंडं माणसांकडं आणि पाठ त्या भिंतीकडं. एवढी वर्षं त्या भिंतीपलीकडं कोण उभं असायचं, ते मला त्या खुर्चीवर बसून मोजायची गरज नव्हती. अक्का शेजारी बसून समोरच्या भिंतीवरचं कानाचं चित्र बघत होती.

कानाचं मशिन आणलं. ते तिनं महिनाभर वापरलं, मग एक दिवस डबीत घालून माझ्या दुकानात आणून ठेवलं. "गल्लतीच्या दिवशी लावून बघितलं रं," ती मोठ्यानं म्हणाली. आता ती सगळंच मोठ्यानं बोलायची. "समद्याची चव एकच. पिलास्टिकची पिशवी चघळल्यागत." मी समजावलं, दुसरं चांगलं मिळतं म्हणालो, कागदावर चित्र काढून दाखवलं. तिनं कागद उलटा करून बघितला आणि परत दिला. त्याच आठवड्यात घर आवरून ती वडूजकडं भावाच्या मुलाकडं, तुकारामकडं, निघून गेली. मला सांगितलंसुद्धा नाही. मी तिच्यावर चिडलो, आणि तो राग कुणाकडं न्यायचा हे कळेना म्हणून दोन महिने घरात बायकोवर काढला.

गेल्या उन्हाळ्यात मी तिच्याकडं गेलो. मनाशी ठरवूनच गेलो होतो काय बोलायचं ते. निघालो आणि विट्याच्या पुढं गल्लत लागली. कानात कापूस घालून टेंपो हाकत तुकारामच्या वाडीत पोचलो. अक्का अंगणात भाकरी थापत होती. मला बघून तिला आनंद झाला असावा, कारण ती म्हणाली, "आलास व्हय. बस. जेव."

ती बोलली तेव्हा माझ्या जिभेवर भाजलेल्या शेंगदाण्याची चव आली. एवढ्या वर्षांत मला तिच्या आवाजाची चव माहीत नव्हती, कारण गल्लतीच्या दिवशी ती माझ्याशी दबक्या आवाजातल्या चार शब्दांपलीकडं बोलायचीच नाही, आणि पंगतीच्या वेळी तर हातवाऱ्यांनीच भागवायची. आता ती बोलतच होती. तुकारामच्या शेळ्या, वडूजचा बाजार, पाण्याचा टँकर, गुडघे. बाजरीची भाकरी आणि मेथीची भाजी तिच्या बोलण्याबरोबर मी खात होतो.

मग मी घास खाली ठेवला आणि म्हणालो, "अक्का, चुकलं माझं."

"काय?"

"चुकलं. त्या लग्नात. चुकलं माझं."

"काय म्हनतुयास?"

मी तिच्या कानाजवळ गेलो आणि ओरडलो, "चुकलं." माझ्याच ओरडण्यानं माझ्या तोंडात जळक्या वायरीचा वास आणि कडूपणा भरला. गोठ्याकडून तुकाराम काय झालं म्हणून बघायला लागला. अक्काचा चेहरा मात्र उजळला.

"चुका व्हय? चुक्याची भाजी कुटली रं आता हितं. मेथी हाय. मेथी खा."

मी हात जोडले. तिला वाटलं मी पुरे म्हणतोय. "एवड्यात बास? आरं, आनकी एक घे की." आणि तिनं अर्धी भाकरी माझ्या ताटात टाकली. तुकारामला बोलवून सांगायला लावावं असं मनात आलं, पण त्यानं तरी कसं सांगितलं असतं. मी मान हलवली आणि भाकरी मोडली. "मेथी चांगली हाय," मी म्हणालो. हे मात्र तिनं माझ्या ओठांवरून बरोबर वाचलं.

आठ दिवसांनी तुकाराम शेळ्या घेऊन मिरजेच्या बाजाराला आला होता, तो वाट वाकडी करून माझ्या दुकानात आला. ओल्या फडक्यात बांधलेली चुक्याची मोठी जुडी त्यानं काउंटरवर ठेवली. "आत्यानं दिलीया. वडूजच्या बाजारात दोनदा हिंडली. तुमी मागितलं हुतं म्हनं." मी ती घरी नेली. बायको म्हणाली, "तुम्ही चुका कधीपासून खायला लागलात?" मी लहानपणापासून चुका खात नाही. त्या दिवशी तिनं तो डाळीत शिजवला आणि मी दोनदा घेतला.

पाऊस सुरू व्हायच्या आधी हौसाक्का गेली. तुकारामचा फोन आला तेव्हा मी इस्लामपूरला एका लग्नात होतो, आणि निघून पोचेपर्यंत सगळं आटोपलं होतं. माणसं पांगली होती. अंगणात चूल तशीच होती. तुकारामनं मला पाणी दिलं आणि मी ते चुलीजवळ बसून प्यायलो. मी निघायला उठलो तसा तो म्हणाला, "जरा मागं या." घरामागं, मोरीचं पाणी जातं तिथं, एक लहानसा वाफा होता, चटईएवढा, हिरवागार.

"तुमी येऊन गेल्यावर आत्यानं लावलाय," तो म्हणाला. "रोज भांड्याचं पानी घालायची. कर्ण्याला लय आवडतोय म्हनायची. घिऊन जावा तुमी."

तो आत पिशवी आणायला गेला. मी चपला काढल्या, वाफ्याच्या कडेला बसलो आणि चुका खुडायला लागलो.